भयपट आणि आपण बायका

(वर्धापनदिनी केलेले भाषण)



चिटणीसबाईंनी "आवडत्या विषयावर बोला" म्हटले, आणि मी विषय सांगताच त्या हसल्या. पाककृती नाही, उखाणे नाहीत, तर भुताचे सिनेमे! सातवी शिकलेली बाई मी. चुकले तर सांभाळून घ्या.

'महल' (१९४९) माझ्या आईचा आवडता. मधुबाला झोपाळ्यावर दिसते आणि अशोककुमार वेडापिसा होतो. शेवटी कळते, की ती भूत नव्हतीच, माळ्याची मुलगी होती. चाळीत एका खोलीत पंधरा जण बसून असे सिनेमे आम्ही टीव्हीवर पाहत असू. रात्री टोकाच्या संडासाला जायचे तर सोबतीला कोणीतरी उठायचेच.

मग २००३ साली राम गोपाल वर्मांचा 'भूत' आला. वाडा नाही, स्मशान नाही. आपल्या मुंबईतलीच उंच इमारत, बाराव्या मजल्यावरचा फ्लॅट. गाणे एकही नाही. नवरा कामावर गेला की ऊर्मिला मातोंडकर घरात एकटी. मी तेव्हा लालबागच्या चाळीत नवी नवरी. मला एकच कोडे पडले: ही बाई शेजारणीला हाक का मारत नाही? आमचे दार फक्त रात्री निजताना लागत असे.

कोडे सुटले ते २०१९ साली. चाळ गेली, टॉवर झाला, आम्ही सतराव्या मजल्यावर आलो. नळाला चोवीस तास पाणी, स्वतःचा संडास, सुखच म्हणायचे. पण दुपारी सगळी दारे बंद. लिफ्ट थांबल्याचा आवाज आला की माझी छाती धडधडे, हातपाय गार पडत. पुढे पुढे दूध आणायलाही खाली उतरवेना. सासूबाई म्हणाल्या, नव्या जागेची बाधा असेल. अंगारा आला, लिंबू उतरवून झाले. खोटे कशाला सांगू, मलाही ते पटले होते. 'भूत'मध्ये डॉक्टर हरतो आणि मांत्रिकबाई जिंकते ना! ऊर्मिलेचे काम उत्तम, पण त्या सिनेमावर माझा राग आहे तो एवढ्यासाठीच.

एका रात्री लेकीने 'फोबिया' (२०१६) लावला. राधिका आपटे त्यात चित्रकार आहे. टॅक्सीत तिच्यावर वाईट प्रसंग येतो आणि मग तिला उंबरठा ओलांडवत नाही. पुढे त्यातही गूढ आहेच, ते सांगून तुमची मजा घालवत नाही. पण ती दारापाशी थरथरत उभी राहिली आणि मला रडू फुटले. लेकीने सिनेमा थांबवला. "आई, तुलाही असंच होतं का?"

परळच्या के.ई.एम.वरून जन्मभर ये-जा केली, पण तिथल्या मानसोपचार विभागाची पायरी चढायची लाज वाटे. लोक वेडी म्हणतील! यजमान सोबत आले. डॉक्टरीणबाईंनी विचारले, "केव्हापासून होतं हे?" तोवर हे मला कोणी विचारलेच नव्हते. त्यांनी गोळ्या दिल्या आणि अभ्यास दिला: आधी दारापर्यंत, मग लिफ्टपर्यंत, मग फाटकापर्यंत जायचे. फाटकापर्यंत पोचायला मला दोन महिने लागले.

सासूबाई अजून अंगारा लावतात. मी लावून घेते, आणि गोळीही घेते.

आज फाटकापासून या सभागृहापर्यंत मी एकटी चालत आले. लिफ्टमध्ये मात्र शेजारच्या वहिनी बरोबर होत्या.