पट आणि कंठ



आपल्या मंचेरियलच्या नैर्ऋत्येस, तेलंगणातच, चेरियाल गाव आहे. तेथील नक्काशी चित्रकार तांबड्या भूमीवर पुराणकथांचे लांब पट रंगवीत. कुनपुली गायक ते उलगडीत पद्मशाली विणकरांपुढे मार्कंडेयपुराण गात. एकाने रंगवावे, दुसऱ्याने बोलते करावे, असा हा सहकार. सिंधुदुर्गातील पिंगुळीची चित्रकथी ही त्याचीच बहीण. तिचे जतन करणाऱ्या परशुराम गंगावणे यांना 2021 मध्ये पद्मश्री किताब मिळाला. चेरियालचे चित्र आज चौकटीत बसून घरोघरी जाते. कलावंताचा चरितार्थ चालतो, याचा मला आनंदच आहे. परंतु गायकावाचून पट मुका होतो. शाळेने ते चित्र भिंतीवर जरूर लावावे. मात्र त्याआधी गायकाला सन्मानाने बोलवावे, एवढीच माझी विनंती.