न पाहिलेला गेंडा

कचेरीत एखाद्या कागदाची नक्कल काढली म्हणजे तिच्या तळाशी 'अस्सलबरहुकूम नक्कल' असा शेरा मारून कोणीतरी सही करतो. नक्कल मुळाशी जुळते, एवढेच त्या शेऱ्याने सिद्ध होते. मूळ कागद वस्तुस्थितीशी जुळतो की नाही, याची ग्वाही तो देत नाही. हा भेद मला नोकरीत बऱ्याच उशिरा उमगला. तो ज्या चित्रामुळे नीट ध्यानात आला, त्या पाचशे वर्षांपूर्वीच्या चित्राविषयी आज बोलावयाचे आहे.

हे चित्र एका गेंड्याचे आहे. न्यूरेंबर्ग येथील चित्रकार आल्ब्रेख्ट ड्यूरर याने ते १५१५ साली केले. ड्यूरर (१४७१–१५२८) हा युरोपातील प्रबोधनकाळाचा थोर मुद्राचित्रकार. रंगवलेले चित्र एकच असते. ते राजवाड्यात किंवा चर्चमध्ये राहते, आणि ज्याला पाहावयाचे असेल त्याला तेथवर जावे लागते. मुद्राचित्राचे तसे नाही. ते स्वतःच लोकांच्या घरी जाते. ड्यूररची पत्नी आग्नेस जत्रांच्या बाजारात त्याची चित्रे विकावयास बसत असे.

त्या काळी या कलेच्या मुख्य रीती दोन होत्या. ताम्रपटाच्या रीतीत अणकुचीदार हत्याराने तांब्याच्या पत्र्यावर रेघा कोरीत, त्या खाचांत शाई भरीत, वरची शाई पुसून टाकीत आणि जड रुळांच्या दाबाखाली ती कागदावर उतरवीत. ड्यूररचे १५१४ मधील 'मेलेंकोलिया' हे विख्यात चित्र याच रीतीचे. काष्ठठशाची रीत नेमकी उलट. गुळगुळीत फळीवर चित्र काढावयाचे, आणि बहुधा निराळ्या कारागिराने रेघांच्या मधले लाकूड खोदून टाकावयाचे. रेघा तेवढ्या उंच उरतात, शाई त्यांनाच लागते. असा ठसा छापखान्यातील खिळ्यांबरोबर एकाच चौकटीत बसविता येई, म्हणून चित्र आणि मजकूर एका दाबात छापून निघत. गेंड्याचे चित्र याच दुसऱ्या रीतीचे आहे.

या गेंड्याचा आपल्या किनाऱ्याशी संबंध आहे. १५१४ साली गोव्याचा पोर्तुगीज गव्हर्नर आफोन्सो द आल्बुकर्क याने गुजरातचा सुलतान दुसरा मुजफ्फरशाह याजकडे वकील पाठवून दीव येथे किल्ला बांधण्याची परवानगी मागितली. सुलतानाने परवानगी दिली नाही. भेटी मात्र दिल्या, आणि त्यांत एक जिवंत गेंडा होता. आल्बुकर्कने तो गोव्याहून आपल्या राजाकडे रवाना केला. १५१५ च्या जानेवारीत निघालेले जहाज २० मे रोजी लिस्बनला लागले. रोमन काळानंतर युरोपात जिवंत गेंडा आल्याचे ठाऊक नव्हते. राजा मानुएलने त्याची हत्तीशी झुंज लावली, तेव्हा हत्तीनेच पळ काढला. पुढे राजाने हा गेंडा पोपकडे नजराणा म्हणून धाडला. परंतु १५१६ च्या आरंभी इटलीच्या किनाऱ्याजवळ जहाज बुडाले आणि साखळदंडांनी जखडलेले ते मुके जनावर त्याबरोबर गेले.

ड्यूररने हा प्राणी कधीच पाहिला नाही. लिस्बनहून न्यूरेंबर्गला आलेले वर्णन आणि एक रेखाटन एवढ्यावर त्याने हे चित्र उभे केले. कातडीच्या घड्यांचे त्याने चिलखताचे पत्रे केले, पायांवर खवले काढले, आणि पाठीवर, खांद्यांच्या मध्ये, एक लहानसे पिळदार शिंग बसविले. असे शिंग कोणत्याही गेंड्याला नसते. वर छापलेल्या मजकुरात सालही चुकले : १५१५ च्या जागी १५१३ पडले आहे.

त्याच वर्षी आउग्सबुर्गच्या हान्स बुर्कमायर यानेही गेंड्याचा काष्ठठसा केला. त्यानेही बहुधा दुसऱ्याच्याच रेखाटनावरून काम केले. परंतु त्याचा गेंडा खऱ्याच्या अधिक जवळ आहे. पुढचे पाय दोरीने बांधलेला तो बंदिवान प्राणी पाहताना कीव येते. आज त्या चित्राची एकच प्रत उरली आहे, व्हिएन्नाच्या आल्बेर्टिना संग्रहालयात. ड्यूररच्या ठशाच्या आवृत्त्या मात्र त्याच्या मृत्यूनंतरही निघत राहिल्या. फळीला चीर गेली, तरी छपाई थांबली नाही; उत्तरकालीन प्रतींत ती चीर गेंड्याच्या पायांतून आडवी गेलेली दिसते. १५५१ पासून निघालेल्या कोनराड गेस्नरच्या प्राणिकोशात हाच गेंडा शिरला, आणि पाठीवरचे ते शिंग पुस्तकामागून पुस्तकांत उगवत राहिले. १७४१ साली क्लारा नावाची गेंड्याची मादी हॉलंडात आली, सतरा वर्षे युरोपभर हिंडविली गेली, आणि लोकांनी खरा गेंडा डोळ्यांनी पाहिला, तेव्हा कोठे जुन्या चित्राची सत्ता ढळू लागली.

नोकरीच्या आरंभीच्या वर्षांत माझ्यापुढे पिण्याच्या पाण्याच्या सोयींचे एक विवरणपत्र आले होते. एका वाडीपुढे 'विहीर एक, पाणी बारमाही' असे लिहिले होते. मागील वर्षीही तेच होते, त्याच्या मागील वर्षीही तेच. मी सही केली. पुढे वैशाखात त्या वाडीवर जाण्याचा प्रसंग आला. विहिरीच्या तळाशी भेगाळलेला गाळ होता आणि बायका दीड कोसावरून हंडे आणीत होत्या. त्यांतील एका म्हातारीने विचारले, "साहेब, कागदावर आमच्या हिरीला पाणी हाय म्हनत्यात, ते कोनी पायलं?" मला उत्तर देता आले नाही. मी सही केलेल्या कागदावरील नोंदही गेंड्याच्या पाठीवरचे शिंगच होती. फरक इतकाच की, ड्यूररच्या शिंगामुळे कोणी तहानेले राहिले नाही.

ड्यूररला दोष देण्याचा माझा हेतू नाही. त्याला लिस्बन दूर होते. मला वाडी दूर नव्हती. त्याच्या चित्रात एवढा जीव आहे की, चूक ठाऊक असूनही आपण ते आवडीने पाहतो. परंतु ज्या कलेने दूरचे जग घरोघर पोहोचविले, तिनेच एका हाताची चूक अडीचशे वर्षे टिकविली. प्रती वाढल्याने साक्षी वाढत नाहीत. हजार प्रतींमागे पाहणारा एकच असतो, आणि कधी कधी तोही नसतो.

त्या चित्राची एक साधी छापील प्रत माझ्या मेजावरील काचेखाली आहे. सहीसाठी कागद पुढे आला की नजर तिच्याकडे जाते, आणि मी समोरच्या माणसाला आता एक प्रश्न विचारतो : "हे कोणी पाहिले आहे?"