किल्ल्या खेळाडूच्या हाती

योशिकाझु नोनोमुरा हे नाव आपल्याकडे फुटबॉल आवडीने पाहणाऱ्यांनाही फारसे परिचयाचे नाही. विश्वचषक गाजवणाऱ्या जपानी खेळाडूंत त्यांची गणना होत नाही. 1972 साली शिझुओका प्रांतातल्या शिमिझु शहरात त्यांचा जन्म झाला. केइओ विद्यापीठातून पदवी घेऊन ते 1995 मध्ये जेफ युनायटेड या क्लबकडे आले, 2000 साली उत्तरेकडच्या कोन्साडोले साप्पोरोत गेले आणि 2001च्या हंगामानंतर त्यांनी खेळणे थांबवले. मधल्या फळीतला एक जाणता, भरवशाचा खेळाडू एवढीच त्यांची तोवरची ओळख होती. पण 2013 साली ते त्याच साप्पोरो क्लबचे अध्यक्ष झाले आणि 2022 साली संपूर्ण जे-लीगचे, म्हणजे जपानच्या व्यावसायिक फुटबॉल लीगचे. या लीगमध्ये स्वतः खेळलेला माणूस तिच्या अध्यक्षपदी बसण्याची ती पहिलीच वेळ होती. त्यांच्या कारकिर्दीवरून मला एक मुद्दा मांडायचा आहे. खेळाडूला खेळ कळतो म्हणून तो क्लब चांगला चालवील, हे म्हणणे अर्धेच खरे आहे. ज्या खुर्चीत निर्णय खरोखर घेतले जातात ती खुर्ची त्याला मिळावी लागते आणि तिथे पोचेपर्यंत हिशेबाची व माणसे जोडण्याची विद्या त्याने मैदानाबाहेर कमावलेली असावी लागते. या दोन्ही गोष्टी असतील तरच त्याचे खेळाचे ज्ञान क्लबच्या उपयोगी पडते.

यातली पहिली अट जपानमध्ये सहज पुरी होणारी नव्हती. 1993 साली जे-लीग सुरू झाली तेव्हा तिच्या दहा क्लबांपैकी बहुतेक क्लब मोठ्या कंपन्यांच्या संघांतून उभे राहिले होते. नावे शहरांची आली, तरी तिजोरी कंपनीची राहिली. साहजिकच क्लबचा अध्यक्षही बहुधा कंपनीतूनच यायचा. तिथे वर्षानुवर्षे नोकरी केलेला एखादा वरिष्ठ अधिकारी काही काळासाठी नेमला जायचा. त्या अधिकाऱ्यांना मी कमी लेखत नाही. त्यांच्यातले अनेक जण कर्तबगार होते. मात्र त्यांची निष्ठा मूळ कंपनीशी बांधलेली होती आणि तिची किंमत 1998 साली योकोहामा फ्ल्युगल्स या क्लबने मोजली. एका प्रायोजक कंपनीने हात आखडता घेतला आणि क्लब शेजारच्या मारिनोस क्लबमध्ये विलीन करण्याचे ठरले. 1 जानेवारी 1999 रोजी फ्ल्युगल्सने सम्राट चषक जिंकला आणि त्याच सामन्याबरोबर त्याचे अस्तित्व संपले. मुंबईचा महिंद्रा युनायटेड 2010 साली कंपनीच्या एका निर्णयासरशी बंद झाला हे ज्यांना आठवते, त्यांना फ्ल्युगल्सच्या पाठीराख्यांचे दुःख समजावून सांगावे लागणार नाही.

साप्पोरोची गोष्ट वेगळी होती. तोशिबा कंपनीचा संघ 1996 साली कावासाकीहून होक्काइडो बेटावरच्या साप्पोरोत आला आणि कंपनीचा न राहता त्या प्रदेशाचा झाला. त्याच्यामागे भरभक्कम मालक नव्हता आणि कर्ज डोक्यावर होते. मात्र अध्यक्षाने घेतलेला निर्णय टोकियोतल्या कुठल्या मुख्यालयातून फिरवला जाण्याची भीतीही नव्हती. नोनोमुरांनी सूत्रे घेतली तेव्हा संघ पहिल्या श्रेणीत तळाला राहून नुकताच दुसऱ्या श्रेणीत घसरला होता. निवृत्तीनंतरच्या दहा-अकरा वर्षांत त्यांनी दूरचित्रवाणीवर सामन्यांचे विश्लेषण केले होते, स्वतःची छोटी कंपनी चालवली होती आणि याच क्लबला सल्लाही दिला होता. ही वर्षे मला फार महत्त्वाची वाटतात. सामान्य प्रेक्षकाला सामना समजावून सांगणाऱ्यालाच पुढे प्रायोजकांना आणि महापालिकेला क्लबचे म्हणणे पटवून देता येते.

त्यांचे निर्णय पाहा. 2013 सालीच त्यांनी व्हिएतनामचा आघाडीपटू ले काँग विन्ह याला आणले. युरोपातले नाव विकत घेण्याची ऐपत नसलेल्या क्लबने आग्नेय आशियाकडे वळणे हा व्यापारी हिशेब होता, कारण त्या देशांतला प्रेक्षक आणि तिथे व्यवसाय करणारे जपानी उद्योग दोन्ही त्यामुळे जवळ येणार होते. परंतु 2017 साली आलेला थायलंडचा चनातिप सोंगक्रासिन हा निव्वळ जाहिरातीपुरता खेळाडू नव्हता, हे ओळखायला पारखी नजर लागते. पुढच्याच वर्षी त्याची जे-लीगच्या सर्वोत्तम अकरांत निवड झाली. मला सर्वांत धाडसी वाटतो तो मात्र 2017च्या अखेरचा निर्णय. शुहेइ योमोदा यांच्या प्रशिक्षणाखाली संघ त्या वर्षी अकरावा आला आणि पहिल्या श्रेणीत टिकला. 2001 नंतर साप्पोरोला हे प्रथमच जमले होते. एखाद्या सावध प्रशासकाने यशस्वी प्रशिक्षकाला हात लावला नसता. नोनोमुरांनी उरावा क्लबने हंगामाच्या मध्यात काढून टाकलेल्या मिहाइलो पेत्रोविच यांना मुख्य प्रशिक्षक केले आणि योमोदांनाही त्यांच्या हाताखाली ठेवून घेतले. केवळ बचाव करून टिकलेला संघ फार काळ टिकत नाही, हा त्यामागचा खेळाडूचा विचार मला दिसतो. 2018 साली साप्पोरो चौथ्या क्रमांकावर पोचला आणि 2019 साली लेवेन चषक या लीगच्या चषक स्पर्धेच्या अंतिम सामन्यात कावासाकीच्या क्लबला 3-3 असे रोखून पेनल्टींवर हरला.

यावर आक्षेप येतील आणि ते हलके नाहीत. जे-लीगला 2017 पासून दहा वर्षांसाठी सुमारे 210 अब्ज येनचा प्रक्षेपण करार मिळवून देणारे नोनोमुरांच्या आधीचे लीग-अध्यक्ष मित्सुरु मुराई नोकरभरतीच्या व्यवसायातून आले होते. त्याच वर्षी आर्थिक संकटात सापडलेल्या नागासाकीच्या क्लबला सावरून पहिल्या श्रेणीत नेणारे आकिरा ताकाता दूरचित्रवाणीवर वस्तू विकून मोठे झालेले उद्योजक. मग खेळाडूच कशाला? उलट 2016 साली नागोयाच्या क्लबने आपला जुना लाडका आघाडीपटू ताकाफुमि ओगुरा याला एकाच वेळी महाव्यवस्थापक आणि प्रशिक्षक केले. हंगाम संपण्याआधीच त्याला बाजूला करावे लागले आणि क्लब इतिहासात प्रथमच दुसऱ्या श्रेणीत गेला. ही उदाहरणे मला पूर्ण मान्य आहेत आणि ती माझ्या म्हणण्याला बळच देतात. ताकातांच्या हाती निर्णयाचे सर्व अधिकार होते. ओगुराला प्रशासनात मुरायला वेळच मिळाला नाही. खेळाडूपणाला राखीव जागा द्या असे मी म्हणत नाही. मात्र तयारी असलेल्या खेळाडूला दार बंद ठेवले, तर योमोदांच्या जागी पेत्रोविच आणण्यासारखा निर्णय घेणारे कोणी उरत नाही.

दुसरा आक्षेप अधिक टोचणारा आहे. नोनोमुरा लीगकडे गेल्यावर क्लब खालावला आणि 2024 साली एकोणिसावा येऊन दुसऱ्या श्रेणीत गेला. म्हणजे त्यांनी जे उभारले ते त्यांच्याबरोबरच गेले का? काही अंशी होय. त्यांच्या काळात उत्पन्न वाढले, तसा खर्चही वाढला, महामारीत तोटा झाला आणि चांगले खेळाडू श्रीमंत क्लबांकडे गेले. एका माणसाच्या नजरेवर उभा राहिलेला क्लब त्या माणसामागे डळमळतो, हा दोष मी झाकणार नाही. पण त्यांची खरी कसोटी आता लीगच्या खुर्चीत आहे. होक्काइडोतल्या क्लबची अडचण नोनोमुरांइतकी कोणाला ठाऊक असणार? आणि त्यांच्याच अध्यक्षपदाच्या काळात, डिसेंबर 2023 मध्ये, जे-लीगने 2026 पासून हंगाम उन्हाळ्यात सुरू करून पुढच्या वसंतात संपवण्याचे ठरवले. मध्ये हिवाळी सुट्टी आहे, तरी बर्फाळ प्रदेशातल्या क्लबांना सरावासाठी दक्षिणेकडे जावे लागेल किंवा बंदिस्त मैदाने उभारावी लागतील. त्यांतल्या निगाताच्या क्लबने विरोध उघडपणे नोंदवला. युरोपच्या वेळापत्रकाशी जुळवून घेतल्याने खेळाडूंच्या खरेदी-विक्रीत फायदा होईल आणि उन्हाच्या तडाख्यातले सामने कमी होतील, ही लीगची बाजू मला पटते. त्या फायद्यातला किती वाटा साप्पोरो आणि निगातापर्यंत पोचतो, हे पाहण्याची जबाबदारी आता साप्पोरोच्याच जुन्या अध्यक्षावर आहे.