वाद मिटला की वेळ टळली?

वादच उरला नाही तर न्यायालयाने निकाल कशावर द्यावा? प्रयोजन संपलेली याचिका 'निरर्थक' म्हणून निकालात काढावी, हे तत्त्व सर्वमान्य आहे आणि योग्यही आहे. २०२०च्या तीन कृषी कायद्यांविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात याचिका होत्या. १२ जानेवारी २०२१ रोजी न्यायालयाने त्यांच्या अंमलबजावणीस स्थगिती दिली आणि २९ नोव्हेंबर २०२१ रोजी संसदेने ते कायदेच रद्द केले. ते कायदे जावेत ही मागणी पदरात पडली; तेवढ्यापुरता वाद खरोखर मिटला.

परंतु वाद मिटणे आणि वेळ टळणे या भिन्न गोष्टी आहेत. ८ नोव्हेंबर २०१६ रोजी चलनातील, मूल्याने सुमारे ८६ टक्के नोटा रद्द झाल्या. १६ डिसेंबर २०१६ रोजी तो प्रश्न घटनापीठाकडे सोपविण्यात आला. सुनावणीस २०२२ साल उजाडले, तेव्हा प्रश्न आता केवळ तात्त्विक उरला आहे, असे सरकारतर्फे सांगण्यात आले. न्यायालयाने तरीही निकाल दिला, हे उचितच झाले. २ जानेवारी २०२३ रोजी तो निर्णय चार विरुद्ध एक अशा बहुमताने वैध ठरला. भिन्न मत देणाऱ्या न्या. नागरत्ना यांनी तो बेकायदा ठरविला. मात्र झाले ते आता पूर्ववत करता येणार नाही, हे त्यांनाही मान्य करावे लागले. म्हणजे त्यांचे मत बहुमताचे असते, तरी रांगेत उभ्या राहिलेल्या मजुराची बुडालेली रोजी परत येणार नव्हती.

प्रतिबंधक स्थानबद्धतेत हे अधिकच स्पष्ट दिसते. माणूस सुटला की सुटकेचा अर्ज निरर्थक ठरतो; त्याला डांबणे कायदेशीर होते काय, हा प्रश्न अनुत्तरित राहू शकतो. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १९७३ साली 'रो विरुद्ध वेड' खटल्यात, गर्भारपण निकालापूर्वीच संपते म्हणून दावा निरर्थक मानण्यास नकार दिला. गर्भपाताच्या हक्काविषयीचा तो निकाल २०२२ साली फिरविण्यात आला. पुन्हा उद्भवणारा आणि दरवेळी निकालाआधीच संपणारा वाद ऐकावा, हे तत्त्व मात्र टिकून आहे.

विलंबालाही किंमत असते आणि ती दोन्ही पक्षांना सारखी पडत नाही. शासन थांबू शकते. हातावर पोट असलेला थांबू शकत नाही. म्हणून 'निरर्थक' हा शेरा मारण्यापूर्वी दोन प्रश्न विचारले जावेत. मागितलेली दाद मिळाली काय? तेच कृत्य उद्या पुन्हा घडू शकेल काय? पहिल्याचे उत्तर 'नाही' आणि दुसऱ्याचे 'होय' असेल, तर वाद मिटलेला नाही. केवळ तारीख उलटली आहे. अशा वेळी निकाल देणे हे न्यायालयाचे कर्तव्यच ठरते.