मटणाच्या रश्श्यात नारळाचं दूध

पिंपरी-चिंचवडकर पुण्यात उतरले की कॅम्पातलं १८६७ सालचं लाल देऊळ हमखास दिसतं. ते बगदादी ज्यूंचं प्रार्थनास्थळ. पण मराठी बोलणारे ज्यू, म्हणजे बेने इस्राएली, मूळचे अलिबागकडचे. तेलाचे घाणे चालवणारे, शनिवारी काम बंद ठेवणारे, म्हणून गावानं त्यांना शनिवार तेली म्हटलं. आडनावंही गावांवरून पडलेली, रोहेकर, पेणकर अशी.

त्यांच्या स्वयंपाकाला कोशेर, म्हणजे ज्यू धर्माचे खाण्यापिण्याचे नियम लागू होतात. मांस आणि दूध एकत्र चालत नाही. मग मटणाला दाटपणा आणायला दही कसं घालणार? कोकणानं ती अडचण परस्पर सोडवली: नारळाचं दूध! माशाला खवले आणि पर हवेत. सुरमई चालते, कोळंबी-चिंबोरी नाही. समुद्राकाठी राहून कोळंबी टाळायची, याला संयमच लागतो. ज्यूंच्या नव्या वर्षाला गव्हाच्या चिकाचा हलवा होतो, तोही नारळाच्या दुधात. शब्बाथला, म्हणजे साप्ताहिक विश्रांतीच्या दिवशी, द्राक्षारसाऐवजी भिजवलेल्या मनुकांचं सरबत. नवस फेडायला मलिदा: भिजवलेले पोहे, ओलं खोबरं, साखर, सुकामेवा, सोबत फळं, एलियाहू हनाबी, म्हणजे प्रेषित एलियाच्या नावानं.

आता हे नियम कारखान्यांतही पोचलेत. निर्यातीच्या काही खाद्यपदार्थांना कोशेर प्रमाणपत्र लागतं, तेव्हा तपासनीस प्रत्येक घटकाचं मूळ विचारतो. ग्लिसरीन वनस्पतीचं की चरबीचं? यंत्रात आधी काय शिजलं होतं? चाकणसारख्या पट्ट्यात खाद्यउद्योग काढू पाहणाऱ्यांनी हे प्रश्न आधीच वहीत लिहून ठेवावेत.