अंगणातली गुलनार

लहान अंगणात कोणतं झाड लावावं, असं मला लोक पुष्कळदा विचारतात. मी काही शेतकी शिकलेला माणूस नाही. बी.ए. केलं, तेही मराठी घेऊन. पण उमरेडला माझ्या घरापुढे दहा फूट लांब आणि आठ फूट रुंद एवढी मोकळी जागा आहे आणि तिच्यात 2009 साली लावलेलं एक झाड उभं आहे. तेवढ्या अधिकारावर आज बोलतो.

इंग्लंड-अमेरिकेत अशा छोट्या जागेत क्रॅबअ‍ॅपल लावतात. ते सफरचंदाचं धाकटं भावंड. उंची बेताची, वसंतात अंगभर गुलाबी-पांढरी फुलं आणि नंतर बोराएवढी आंबट फळं. लोक ते लावतात मुख्यतः फुलांसाठी. आपल्याकडे त्याचा निभाव लागायचा नाही. या कुळातल्या झाडांना कळ्या उघडण्याआधी हिवाळ्यात शेकडो तास कडक थंडी लागते. आमच्याकडे तर मे महिन्यात पारा 45 अंशांना शिवतो. मग आपलं झाड कोणतं? माझं उत्तर आहे, डाळिंब. गंमत म्हणजे इंग्रजीतलं पॉमग्रॅनेट हे नाव लॅटिनमधून आलं आणि त्याचा मूळ अर्थच ‘दाणेदार सफरचंद’ असा आहे.

माझं झाड मात्र फळांच्या डाळिंबाचं नाही. ती गुलनार आहे. गुल म्हणजे फूल, नार म्हणजे अनार. साध्या डाळिंबाच्या फुलाला पाच-सात पाकळ्या असतात आणि आत केसरांचा झुबका. गुलनारमध्ये ते केसरच पाकळ्या होऊन बसतात. त्यामुळे फूल झेंडूसारखं भरगच्च दिसतं, पण फळ सहसा धरत नाही. युनानी औषधांत ही वाळलेली फुलं हिरड्यांच्या दुखण्यावर वापरतात.

आमच्या घरात अम्मी अनार म्हणायची, शेजारच्या काकू डाळिंब म्हणायच्या. दिवाळीत त्यांच्या अंगणात उडायचा भुईनळा, त्याला मात्र सगळी गल्ली अनारच म्हणायची. तुम्ही मराठीत कविता लिहिता, मग घरचे शब्द कुठे ठेवता, असं मला आजही कुणी विचारतं. मला हा प्रश्न नीट कळत नाही. संस्कृतात हे झाड दाडिम आहे, कुरआन शरीफात रुम्मान या नावानं त्याचा तीन ठिकाणी उल्लेख आहे. मूळचं ते इराणकडचं. इथे इतकं जुनं झालंय की, आता त्याला कुणी गाव विचारत नाही. पुण्याच्या गणेशखिंडीत डॉ. चीमा यांनी 1936 साली निवडलेली ‘गणेश’ ही जात प्रसिद्ध झाली, पुढे ‘भगवा’ आली आणि 2005 साली डाळिंबाचं राष्ट्रीय संशोधन केंद्रही आपल्या सोलापुरात निघालं. यापेक्षा अधिक मराठी व्हायचं म्हणजे झाडानं आणखी काय करायचं?

लावायची रीत सोपी आहे. आमची जमीन काळी, पाणी धरून ठेवणारी. डाळिंबाच्या मुळांना साचलेलं पाणी सोसत नाही. म्हणून दोन फूट लांब-रुंद आणि तेवढाच खोल खड्डा घेतला, त्यात मुरूम, थोडी वाळू आणि मुरलेलं शेणखत मिसळलं, बुंध्याशी माती जरा उंच ठेवली. निदान सहा तास ऊन मिळेल अशी जागा हवी, सावलीत नुसती पानं वाढतात. बुडाशी सारखे फुटवे येतात, ते काढत राहावं लागतं. नाहीतर झाडाचं झुडूप होतं आणि काटे येणाऱ्या-जाणाऱ्याचे सदरे धरतात. हिवाळ्याच्या शेवटी पाणी तोडायचं, पानं गळू द्यायची, हलकी छाटणी करायची आणि खत घालून पुन्हा पाणी सुरू करायचं. यालाच शेतकरी बहार धरणं म्हणतात. नवी पालवी आली की तिच्या टोकाशी कळ्या येतात.

आता खरी गोष्ट सांगतो. उमरेड म्हणजे मिरचीचं, कापसाचं आणि कोळशाच्या खाणीचं गाव. इथे प्रत्येक गोष्टीचा हिशेब होतो आणि तो व्हायलाच हवा. 2019 साली मुलाचं लग्न ठरलं. एक खोली वाढवायची होती. गवंड्यानं दोरी धरली ती नेमकी गुलनारच्या बुंध्यावरून. शेजारचे भाऊ म्हणाले, “फळ देत नाही तं कायले ठेवता जी?” बायको मुलाच्या बाजूनं होती. मुलाचंही चूक नव्हतं, नव्या सुनेला आपण एक धड खोली देऊ शकत नाही याची लाज त्याला वाटत होती.

चार दिवस घरात कुणी नीट बोललं नाही. शेवटी खोली वर न्यायचं ठरलं. स्लॅब आणि जिना यांचा जास्तीचा खर्च मी भविष्यनिर्वाह निधीतून काढला. मुलगा म्हणाला, “अब्बा, हे झाड आपल्याला एका खोलीच्या भावात पडलं.” खरंच होतं ते. मी त्याला एवढंच म्हटलं की, या घरात पैसा न आणणाऱ्या दोनच गोष्टी आहेत, हे झाड आणि माझ्या कविता. एकीवर कुऱ्हाड चालली तर दुसरीनं कोणत्या भरवशावर राहायचं? तो हसला. आता उन्हाळ्यात संध्याकाळी सून नळीनं पानांवरची धूळ धुते. तिला कुणी सांगितलेलं नाही.

फळं हवी असतील त्यांनी खुशाल भगवा लावावा. पण ज्यांच्याकडे जागा थोडी आहे आणि नुसतं पाहायला काही हवं आहे, त्यांनी गुलनार लावावी. बियांपासून ती होत नाही. पावसाळ्यात, जिच्याकडे झाड असेल त्या घरी जाऊन पेन्सिलीएवढ्या फांदीवर गुटी बांधावी लागते आणि दीड-दोन महिन्यांनी मुळं फुटल्यावर ती कापून आणायला पुन्हा जावं लागतं. म्हणजे एका झाडासाठी दुसऱ्याच्या दारी दोनदा जाणं आलं. आमच्याकडे यायचं असेल तर जरूर या. चहा होईल.