शिलाई कारागीर हा कामगारच आहे



दिवाळी पंधरा दिवसांवर आली की गावोगावच्या शिंप्यांच्या दुकानांवर ‘ऑर्डर बंद’ अशी पाटी लागते. गिऱ्हाईक ती वाचून हळहळते आणि पुढच्या दुकानाकडे वळते. पाटीच्या मागे, पोटमाळ्यावर किंवा मागील अंधाऱ्या खोलीत, चार-पाच मशीन मध्यरात्र उलटून गेली तरी थांबत नाहीत. त्या मशीनवर बसलेल्यांना पगार नसतो. शर्टाला इतके, पँटीला इतके, असा नगावर दर असतो. त्याच माणसांना पंधरवड्यापूर्वी, पितृपक्षात, कोणी पाहिले तर ती दुकानाच्या पायरीवर बसलेली आढळतात. पितृपक्षात नवे कपडे कोणी शिवावयास टाकीत नाही. काम नाही, म्हणून मजुरी नाही; आणि मजुरी नाही, म्हणून मालकाकडून उचल. दिवाळीतील रात्रपाळ्यांचा पुष्कळसा पैसा ही उचल फेडण्यातच जातो.

मापाने कपडे शिवून देण्याचा धंदा आज कोणत्या अवस्थेत आहे, असे विचारले की उत्तर बहुधा मालकाच्या गल्ल्याकडे पाहून दिले जाते. तयार कपड्यांनी धंदा बसला, मॉल आले, घरबसल्या मोबाईलवर कपडे येऊ लागले, पोरे आता हे काम शिकत नाहीत, असे सांगण्यात येते. यात खोटे काही नाही. परंतु पोरे हे काम का शिकत नाहीत, याचे उत्तर मॉलमध्ये सापडणार नाही. ते पोटमाळ्यावरच शोधावे लागेल.

दुकानातील श्रमविभागणी

पूर्वीचा शिंपी माप घेई, कापी, शिवी आणि काज-बटणही स्वतःच करी. हप्त्याने मिळणाऱ्या सिंगर मशीनने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून या कामाचा वेग वाढविला. पुढे कलकत्त्याच्या जय इंजिनिअरिंग कारखान्यातील उषा मशीन गावागावांत पोहोचले. (घेराव आंदोलनाविषयी कलकत्ता उच्च न्यायालयात १९६७ साली जो प्रसिद्ध खटला उभा राहिला, त्यात अर्जदार हीच कंपनी होती. शिंप्याच्या पायाखालच्या मशीनलाही कामगार लढ्याचा इतिहास आहे, हे यानिमित्ताने ध्यानात यावे.) मशीन आले, शहरे वाढली, आणि एका शिंप्याच्या कामाचे तुकडे झाले. माप घेणारा आणि कापणारा मास्तर वेगळा, शिवणारा कारागीर वेगळा, तुरपाई आणि काज-बटण करणारा वेगळा, इस्त्रीवाला वेगळा. गिऱ्हाइकाशी बोलणे मास्तराचे किंवा मालकाचे. कारागिराचा संबंध फक्त कापलेल्या कापडाच्या गाठोड्याशी आणि त्याला टाचलेल्या चिठ्ठीशी उरला.

या व्यवस्थेत एक गोष्ट फार बारकाईने पाहण्याजोगी आहे. कोट ट्रायलला उभा राहतो, खांदा उतरतो किंवा बाही ओढते. चूक मापाची असेल, कापण्याची असेल किंवा शिवण्याची. गिऱ्हाइकाचे वजन मधल्या काळात वाढलेले असेल, हेही शक्य आहे. कोट मात्र कारागिराकडेच परत येतो. त्याने शिवण उसवावयाची, पुन्हा शिवावयाची, आणि या दुसऱ्या श्रमाची मजुरी बहुतेक दुकानांत शून्य. दर नगावर असल्याने नग एकच मोजला जातो. हात दोनदा फिरला, याची नोंद कोठेच होत नाही.

मार्क्सने ‘भांडवल’ या ग्रंथाच्या आरंभीच मूल्याचे विवेचन करताना कापड आणि कोट हीच उदाहरणे घेतली, हे सर्वांस ठाऊक आहे. त्याच ग्रंथात पुढे मेरी ॲन वॉकली या वीस वर्षांच्या मुलीची हकिगत आहे. ती १८६३ च्या जूनमध्ये लंडनमधील एका प्रतिष्ठित शिवणगृहात सलग साडेसव्वीस तास काम करून मरण पावली. राजघराण्याच्या नृत्यसमारंभासाठी सरदार-उमरावांच्या स्त्रियांचे पोषाख तयार व्हावयाचे होते. ती कोणत्याही गिरणीत नव्हती. मापाने, मागणीप्रमाणे कपडे शिवणाऱ्या दुकानात होती. ‘सीझन’ हा शब्द तेव्हाही या धंद्यात होता आणि त्याचा अर्थही तोच होता.

१९७३ चा निकाल

नगावर काम करणारा कारागीर हा नोकर आहे की स्वतंत्र धंदेवाईक? हा वाद तेलंगण भागातील दुकाने व आस्थापना कायदा, १९५१ याच्या संदर्भात सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. ‘सिल्व्हर ज्युबिली टेलरिंग हाऊस’ आणि इतर दुकानांनी मुख्य निरीक्षकांविरुद्ध केलेल्या या अपिलाचा निकाल सप्टेंबर १९७३ मध्ये लागला.

मालकांचे म्हणणे वरवर पाहता बिनतोड होते. कारागीर कामाच्या हिशेबाने येतात. दुसऱ्या दिवशी येणार नसतील तर रजेचा अर्ज करीत नाहीत, कळविण्याचेही बंधन नाही. काम संपले की दुकान बंद होण्यापूर्वी निघून जातात. सर्वांचा दर सारखा नाही. तो हातातल्या कसबावर आणि कामाच्या प्रकारावर ठरतो. काहीजण परवानगीने कापड घरीही नेतात. मग हे नोकर कसे?

न्यायमूर्ती मॅथ्यू यांनी लिहिलेल्या निकालपत्रात या प्रत्येक मुद्द्याचा विचार झाला. माणूस दिवसभर बांधलेला नाही, किंवा तो दुसऱ्याचेही काम करू शकतो, एवढ्याने तो नोकर नाही असे ठरत नाही, हे न्यायालयाने मान्य केले. दुकान मालकाचे आहे, मशीन मालकाचे आहे, आणि कसे शिवावे हे मालक सांगतो. परंतु सर्वांत महत्त्वाचे ठरले ते निराळेच. काम सांगितल्याप्रमाणे झाले नाही तर ते नाकारण्याचा आणि पुन्हा शिवून घेण्याचा अधिकार मालकाकडे होता. हा अधिकार म्हणजेच नियंत्रण, आणि जेथे नियंत्रण आहे तेथे मालक-नोकर हे नाते आहे, असा निष्कर्ष निघाला.

म्हणजे जी उसवण कारागिराचे दुहेरी श्रम फुकट खात आली, तीच न्यायालयात त्याच्या बाजूची साक्षीदार झाली. कायद्याच्या इतिहासात असे क्वचितच घडते.

या निकालाचा लाभ पुढे कोणाला झाला, हेही सांगितले पाहिजे. घरी बसून विड्या वळणाऱ्या स्त्रिया भविष्यनिर्वाह निधीसाठी कामगार ठरतात काय, हा प्रश्न १९८५ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे आला, तेव्हा शिंप्यांच्या या निकालाचाच आधार घेण्यात आला. खराब विडी नाकारण्याचा अधिकार कारखानदाराकडे आहे. म्हणून घरी वळणारी स्त्रीसुद्धा त्याची कामगार आहे. सोलापूर, सिन्नर, निपाणी येथील विडी कामगार स्त्रियांना भविष्यनिर्वाह निधीसाठी किती झगडावे लागले, हे महाराष्ट्रातील कार्यकर्त्यांना नव्याने सांगावयास नको. त्या झगड्यातील एक हत्यार शिंप्यांच्या पोटमाळ्यावरून आलेले होते.

कायदा मागे सरतो

आणि स्वतः शिंप्याचे काय झाले?

भविष्यनिर्वाह निधीचा कायदा वीस किंवा अधिक कामगार असलेल्या आस्थापनांना लागू होतो. पाच मशीनचे दुकान त्या उंबरठ्याच्या बाहेरच राहते. उरला दुकाने व आस्थापना कायदा. मुंबईचा १९४८ चा कायदा लहान दुकानांनाही लागू होता. एक नोकर असला तरी कामाचे तास, साप्ताहिक सुट्टी, रजा यांचे बंधन होते. अंमलबजावणी ढिली होती, निरीक्षकांविषयीच्या तक्रारी तर जगजाहीर होत्या. पण हक्क कागदावर होता. महाराष्ट्राच्या २०१७ च्या नव्या कायद्याने दहापेक्षा कमी कामगार असलेल्या आस्थापनांना बहुतेक तरतुदींतून वगळले; त्यांनी सुरुवात केल्याची नुसती सूचना दिली की पुरे. २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने ही मर्यादा वीसपर्यंत नेण्यास मंजुरी दिली. मापाने शिवणारी वीस कारागिरांची दुकाने किती असतील, हे शहरातल्या कोणत्याही बाजारपेठेतून एक फेरी मारणाऱ्यास कळेल. न्यायालयाने १९७३ मध्ये जे दार उघडले होते, ते कोणताही निकाल न फिरविता, एक आकडा बदलून, बंद करण्यात आले.

चार श्रमसंहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आल्याचे केंद्र सरकारने जाहीर केले. वेतनसंहितेप्रमाणे किमान वेतन ठराविक धंद्यांपुरते न राहता सर्वच रोजगारांना लागू होते, आणि नगावरील कामालाही. ही तरतूद नाकारण्याचे कारण नाही. तिचा आधार घेतलाच पाहिजे. परंतु ज्याचे नाव हजेरीपटावर नाही, ज्याच्या मजुरीची पावती नाही, त्याने किमान वेतन कशाच्या बळावर मागावे? दुकानातील मापांच्या वहीत गिऱ्हाइकाच्या छातीचा, कमरेचा, मनगटाचा आकडा वर्षानुवर्षे जपलेला असतो. त्याच दुकानात दहा वर्षे शिवणाऱ्याचे नाव एकाही कागदावर सापडत नाही.

‘स्वतंत्र कारागीर’ आणि कर्ज

१७ सप्टेंबर २०२३ रोजी सुरू झालेल्या पंतप्रधान विश्वकर्मा योजनेतील अठरा व्यवसायांत शिंपीही आहे. प्रशिक्षण, हत्यारांसाठी पंधरा हजार रुपये, आणि पाच टक्के व्याजाने प्रथम एक लाख व नंतर दोन लाखांपर्यंत कर्ज, असे तिचे स्वरूप आहे. ज्याचे स्वतःचे दुकान आहे त्यास याचा उपयोग होईल, हे मान्य करावे. परंतु दुसऱ्याच्या मशीनवर नगाने शिवणाऱ्यास ‘स्वतंत्र कारागीर’ म्हणून कर्ज देऊ केले की त्याचा मालक या चित्रातून नाहीसा होतो. दर कोणी ठरवावा, उसवणीची मजुरी कोणी द्यावी, हे प्रश्न उरतच नाहीत. उरतो केवळ हप्ता.

स्त्रियांच्या बाबतीत हे अधिकच खरे आहे. पुरुषांचे शर्ट-पँट तयार मिळू लागले, तरी साडीवरचा ब्लाऊज अंगाच्या मापानेच शिवावा लागतो. त्यामुळे मापाच्या शिलाईचा मोठा भाग आज घरात मशीन टाकून बसलेल्या स्त्रियांच्या हाती आहे: ब्लाऊज, फॉल-बिडिंग, ड्रेस, शाळेचे गणवेश. यांतील काहीजणी थेट शेजारणींचे काम घेतात. पण पुष्कळजणी बुटिकसाठी किंवा मॅचिंग सेंटरसाठी शिवतात. माप आणि कापड दुकानातून येते, दर दुकान ठरविते, बिघडलेला ब्लाऊज दुकान परत पाठविते. १९७३ ची कसोटी लावली तर या स्त्रिया निःसंशय कामगार आहेत. मशीन त्यांचे, वीज त्यांची, जागा त्यांची. म्हणजे मालकाचा तेवढा खर्चही वाचला. घरी काम करणाऱ्यांविषयीचा आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेचा करार १९९६ चा आहे. भारत सरकारने त्यावर अद्याप मान्यतेची मोहोर उठविलेली नाही.

विखुरलेल्या, लहान दुकानांत काम करणाऱ्यांना संरक्षण देणे व्यवहार्य नाही, असा युक्तिवाद नेहमी केला जातो. महाराष्ट्राने १९६९ मध्येच त्याला उत्तर दिले आहे. माथाडी कायद्याने एका हमालाचे अनेक मालक असले तरी मंडळामार्फत मजुरी, लेव्ही आणि निधी यांची व्यवस्था लावली. केरळने १९९४ च्या कायद्याने खास शिलाई कामगारांसाठी कल्याण निधी उभारला. त्यात नोकरीवरील कारागीरही येतात आणि स्वतःचे मशीन चालविणारेही. ‘तू नोकर की मालक’ हा वाद तेथे निवृत्तिवेतनाच्या आड येत नाही.

लहान दुकानदाराविषयी एक गोष्ट स्पष्ट असावी. तो गिरणीमालक नव्हे. बहुधा तोही एकेकाळी पोटमाळ्यावरच बसलेला असतो. जागेचे भाडे, तयार कपड्यांची स्पर्धा, २०२० च्या टाळेबंदीत वाया गेलेली लग्नसराई आणि ईद यांनी तोही वाकलेला आहे. त्याच्याशी भांडण दुकान बंद पाडण्यासाठी नाही. एका बाजारपेठेतील सर्व दुकानांचा दर एकत्र बसून ठरला, तर कारागिराला कमी देऊन शेजाऱ्यावर मात करण्याची सक्ती त्याच्यावरही उरत नाही. १८६६ मध्ये लंडन आणि एडिंबरोच्या शिंप्यांनी संप केले, तेव्हा मालक जर्मन शिंपी आणून ते मोडू पाहत होते. पहिल्या इंटरनॅशनलच्या वतीने जर्मन शिंप्यांना सावध करणारे पत्रक मार्क्सने लिहिले. आज आणण्यात येणारी माणसे उत्तर प्रदेश, बिहार, बंगालमधील आहेत. बोलणी त्यांना बरोबर घेऊनच करावी लागतील.

आणि ती बोलणी श्रावणात करावयाची नाहीत, कारण तेव्हा मालकाला कोणाचीच गरज नसते. नवरात्र संपते आणि दुकानात कापडाचे ढीग लागू लागतात, त्या आठवड्यात मागणीपत्र द्यावयाचे. त्यात पहिली मागणी प्रत्येक कारागिराच्या नावाने वही आणि तीत रोजच्या नगांची नोंद, ही असावी. दुसरी, चूक मापाची किंवा कापण्याची असेल तर उसवून शिवण्याची निम्मी मजुरी.